रत्नागिरी पायी फिरायची तर: नवख्यांसाठी एका दिवसाची वाट

रत्नागिरीत येणारे बहुतेक पाहुणे खरं तर गणपतीपुळ्याला निघालेले असतात. वाटेत शहर लागतं म्हणून थिबा राजवाड्यासमोर गाडी थांबते, फोटो होतात, मांडवीच्या किनाऱ्यावर भेळ खाऊन होते आणि गाडी आरे-वारेच्या रस्त्याला लागते. मग हीच मंडळी घरी जाऊन सांगतात, "रत्नागिरी शहरात बघण्यासारखं फारसं नाही हो." स्थळांची यादी घेऊन फिरलात तर खरंच नाही, दोन तासांत सगळं उरकतं. पण मासळी कधी येते, ऊन कधी चढतं आणि जेवण कधी तयार होतं या तीन वेळांवर पाय ठेवून फिरलात, तर एक दिवस अपुरा पडतो. खालची वाट तशीच आखली आहे. क्रम बदलू नका, तो उन्हाने ठरवलेला आहे.

आधी वार बघा, मग तारीख

कोकणात मासे खायचेही वार असतात. सोमवार, गुरुवार, शनिवार बऱ्याच घरांत मासे शिजत नाहीत. संकष्टी, एकादशी आणि श्रावण वेगळे. बुधवार, शुक्रवार आणि रविवार हे खरे मासेवार. या तीन दिवशी बाजार भरलेला, भाव चढलेला आणि खानावळीत ताजा माल. रविवारी गर्दी अंगावर येते, म्हणून माझी पसंती बुधवार किंवा शुक्रवारला. सोमवारी तर येऊच नका, त्या दिवशी थिबा राजवाड्यातल्या संग्रहालयाच्या दाराशी जाऊन परत फिरावं लागतं.

ऋतूचं गणित त्याहून महत्त्वाचं. १ जून ते ३१ जुलै यांत्रिक नौकांना मासेमारी बंद असते. त्या दोन महिन्यांत बंदरावर नौका ओळीने उभ्या दिसतात, पण माल नसतो. ताटात येतं ते बर्फातलं, सुकं किंवा खाडीतलं. पावसाळ्यात शहर सुंदर दिसतं हे खरं, पण वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडणाऱ्या गावात पायी फिरणं म्हणजे शेवाळलेल्या जांभा दगडावरून फिरणं. पायात पकडीची चप्पल नसेल तर पाखाडीच्या पायऱ्यांवर हाड मोडायला वेळ लागत नाही. नोव्हेंबर ते फेब्रुवारी सगळ्यात सुखाचे. एप्रिल-मे आंब्यासाठी, पण तेव्हा घामाची तयारी ठेवून या.

आणि फाल्गुनात शिमग्याला आलात तर ही सगळी आखणी गुंडाळून ठेवा. ग्रामदैवत श्री देव भैरीची पालखी बाहेर पडली की शहराचं घड्याळ तिच्या हातात जातं. पोलीसही भैरीला मानवंदना देतात. पालखीच्या मागे चाला, फिरणं आपोआप होतं.

उतरायचं कुठे, बरोबर काय घ्यायचं

रेल्वे स्टेशन शहरात नाही, कुवारबावला आहे. तिथून खाली यायला रिक्षा मिळते आणि एसटीची शहर बसही असते. रिक्षात बसायच्या आधी भाडं बोलून घ्या. स्टेशनकडून साळवी स्टॉप, मारुती मंदिर, जयस्तंभ अशा क्रमाने रस्ता समुद्राकडे उतरत जातो. हा क्रम डोक्यात बसला की शहरात वाट चुकत नाही. उतरता रस्ता समुद्राकडे, चढता रस्ता स्टेशनकडे. मुक्काम जयस्तंभाच्या आसपास किंवा मांडवीकडे केलात तर बहुतेक ठिकाणी चालत जाता येतं.

पिशवीत पाण्याची बाटली, टोपी, कापडी पिशवी आणि सुटे पैसे. मोबाइलवरून पैसे आता सगळीकडे चालतात, पण हात ओले असलेल्या बाईला शंभराची नोट जास्त सोयीची. कॅमेरा आणलात तर माणसांचे फोटो विचारून काढा. बंदरावर हे फार पाळलं पाहिजे, तिथे लोक कामावर असतात.

माहितगार माणूस बरोबर असला तर उत्तम. ओळखीतून एखादे निवृत्त शिक्षक मिळाले किंवा ज्यांचं बालपण एखाद्या आळीत गेलं अशा काकू मिळाल्या, तर पाठ केलेल्या माहितीपेक्षा चांगलं ऐकायला मिळतं. त्यांच्या वेळेचे पैसे मात्र आधी विचारा आणि न विसरता द्या. "आपलाच माणूस" म्हणून चहावर भागवू नका. आणि संख्या सहा-सातच्या वर नेऊ नका. आळीत त्याहून मोठा घोळका शिरला की पडवीतली माणसं उठून आत जातात.

सकाळी साडेसहा: मिरकरवाडा

पहिला चहा बंदरावरच घ्या. मिरकरवाडा हे जिल्ह्यातलं मोठं मासेमारी बंदर. वास येणार. नाकाला रुमाल लावून उभे राहिलात तर कोणी काही बोलणार नाही, पण बोलायलाही येणार नाही.

नौका धक्क्याला लागते, खणातून माल वर येतो, बर्फ झटकून टपांत आणि क्रेटमध्ये ओतला जातो. मग त्याभोवती कडं जमतं. लिलाव करणारा आकडा म्हणतो तो एका सुरात, इतका भरभर की नवख्याला पहिले काही लिलाव नुसतं गुणगुणणं वाटतं. बोली लावणाऱ्यांचे हात वर जात नाहीत. मान हलते, भुवई हलते, एखादी बाई पदर खोचत नुसतं "हं" म्हणते आणि टप तिच्याकडे सरकतो. त्याच क्षणी दोन बोटं पाण्यात बुडवून ती वरचे चार मासे उलटे करून बघते. खाली लहान माल भरला असेल तर तिथेच भांडण. हे सगळं तीस-चाळीस सेकंदांत. बाजूला उभं राहून बघा, मध्ये येऊ नका. क्रेट ओढणारे पोरगे थांबत नाहीत आणि जमीन निसरडी असते.

इथे खर्वी आणि कोकणी मुसलमान, दोन्ही समाजांची माणसं पिढ्यान्‌पिढ्या दर्यावर आहेत. बोलीही कानाला वेगवेगळी लागते. खलाशांत आता नेपाळी मुलंही दिसतील.

घ्यायचे असतील तर लिलावात नाही, किरकोळ विकणाऱ्या मावशींकडे जा. मासे वजनावरही मिळतात आणि वाट्यावरही. वाटा म्हणजे मांडलेला ढीग, त्याचा एक भाव.

"मावशी, वाटा कसा दिलात?"

"तीनशे. घ्या, आताचा माल हाय."

इथे लगेच अर्ध्यावर येऊ नका, ते अपमानास्पद वाटतं. "बरोबर दोन बांगडे टाका" म्हणा, ते चालतं. ताजेपणा बघायचा तो असा: गालफड उघडून आत लाल आहे का बघा, डोळा फुगीर आणि स्वच्छ हवा, पोट बोटाने दाबलं तर खड्डा राहता कामा नये. कोळंबीचं डोकं घट्ट चिकटलेलं हवं. चिंबोरी हातात घेऊन जड लागते का बघा, आकारावर जाऊ नका. जाणती माणसं अमावास्येच्या आसपासच्या चिंबोऱ्या भरलेल्या म्हणून मागून घेतात. सुरमई आणि पापलेट यांच्या मागे सगळेच लागतात. खिशाला परवडणारं आणि चवीला तोडीस तोड हवं असेल तर सौंदाळे, मांदेली किंवा बांगडा घ्या. मासे साफ करून देणाऱ्या बायका शेजारीच बसलेल्या असतात, त्यांचे पैसे वेगळे. मुक्कामाच्या घरी शिजवून देतील का हे मात्र आदल्या रात्री विचारून ठेवा.

ऊन चढायच्या आत किल्ला

बंदरावरून रत्नदुर्ग जवळ आहे. चढ दम काढतो, म्हणून वर जाताना रिक्षा करा आणि उतरताना चाला. पायथ्याकडच्या पेठकिल्ल्यात भागेश्वराचं देऊळ लागतं. ते भागोजीशेठ कीर यांनी बांधलं. हे नाव लक्षात ठेवा, पुढे पुन्हा येणार आहे.

रत्नदुर्गाचा आकार घोड्याच्या नालासारखा, पसारा सुमारे १२० एकरांचा. बांधकामाची सुरुवात बहामनी काळातली मानतात. शिवाजी महाराजांनी तो १६७० मध्ये घेतला, पुढे आंग्र्यांकडे गेला. बालेकिल्ल्यात भगवती देवीचं देऊळ आहे, म्हणून गावातली माणसं त्याला भगवती किल्लाच म्हणतात. तटावरून एका बाजूला आत्ता सोडून आलेलं बंदर अख्खं दिसतं. सकाळी नुसती गर्दी वाटलेली जागा इथून नीट उलगडते: नौका कुठून शिरतात, धक्का कुठे, वस्ती कुठे. याचसाठी बंदर आधी आणि किल्ला नंतर. तटाच्या कडेला जाऊ नका, फोटोसाठी तर मुळीच नाही. सावली फारशी नाही, नऊपर्यंत खाली उतरा.

न्याहारी आणि बाजार

कोकणात आलो म्हणजे हॉटेलात घावणे मिळतील असं समजून येऊ नका. घावणे, आंबोळ्या हे घरातले पदार्थ. हॉटेलात मिसळ, वडापाव, कांदेपोहे असतात आणि तेही वाईट नसतात. घावणे हवेच असतील तर घरगुती मुक्काम घ्या किंवा बचत गटाच्या बायकांचा स्टॉल कुठे लागतो ते विचारा. उकडीचे मोदकही आदल्या दिवशी सांगून ठेवायचे, संकष्टीला मात्र सहज मिळतात.

बाजार म्हणजे राम आळी, गोखले नाका, धनजी नाका हा पट्टा. दहाच्या सुमारास दुकानं नीट उघडलेली असतात. राम आळीत कापड आणि सोनं, तिथे नुसतं बघत चला. वेळ द्यायचा तो कोकणी मेव्याच्या आणि किराण्याच्या दुकानांना, कारण नवखा माणूस पैसे घालवतो ते इथे.

कोकमाचंच घ्या. बाटल्या सारख्या लालभडक दिसतात, पण अमृत कोकम साखर घातलेलं, सरबताचं. आगळ म्हणजे मीठ घातलेला रस, सोलकढीसाठी. आगळाचं सरबत करून तोंड वाकडं करणारे आणि अमृत कोकमाची सोलकढी करणारे दोन्ही प्रकारचे पाहुणे दरवर्षी निघतात. तिसरं आमसूल, ती वाळवलेली सोलं. ती मऊ आणि काळपट लाल हवीत. कडकडीत वाळलेली असली तर मागच्या साली राहून गेलेली असतात.

आंबापोळी उन्हात वाळवलेली असते, चावताना थोडी चिवट लागली पाहिजे. तोंडात टाकताच विरघळली तर त्यात साखर जास्त आहे. फणसपोळी बरक्या म्हणजे मऊ गऱ्याच्या फणसाची, तळलेले गरे काप्याचे म्हणजे घट्ट गऱ्याच्या फणसाचे. दोन्ही घेताना "कधी केलेत?" हे विचारा. दुकानदार मे महिन्याचं नाव घेईल, कारण हे सगळं मे महिन्यात होतं. मग आत्ता जानेवारी असेल तर माल आठ महिन्यांचा हे धरून चाला. त्यात काही वाईट नाही, नीट ठेवलेला असला की झालं. कुळथाचं पीठ, मेतकूट, तिरफळ हे वजनाला हलकं आणि घरी नेऊन रोज उपयोगी पडणारं. काजू घेताना तुकडा न घेता अख्खा घ्या आणि एक चावून बघा. मार्च-एप्रिलमध्ये ओले काजूगर दिसले तर भाव न करता घ्या. ते सोलताना चिकाने बायकांची बोटं काळी पडतात, त्यामुळे महाग वाटले तरी ते महाग नाहीत.

आता आंबा. 'रत्नागिरी हापूस' असं छापलेल्या पेटीत कर्नाटकचा आंबा घालून विकणं हा जुना धंदा आहे. २०१८ साली कोकणातल्या हापूसला भौगोलिक मानांकन मिळालं, ते रत्नागिरी, सिंधुदुर्ग, रायगड, ठाणे, पालघर या पाच जिल्ह्यांच्या मालाला. पण पेटीवरची छपाई फुकट होते. म्हणून एक आंबा कापून मागा. इथल्या हापूसची साल पातळ, गर केशरी. बाहेरच्याची साल जाड आणि गर पिवळट निघतो. पिकलेल्याचा वास देठापाशी घ्या. वरून थोडी सुरकुती पडलेला आंबा नवखे बाजूला ठेवतात आणि जाणते नेमका तोच उचलतात. मार्चमध्ये पेटी घेऊ नका, नुसती हौसेची किंमत असते. मे महिन्याच्या मध्यावर या.

आळ्यांतून

बाजारातून टिळक आळीकडे वळा. चालायचा भाग खरा इथून सुरू होतो. रस्ता अरुंद, दोन्हीकडे चिऱ्याचे गडगे म्हणजे कुंपणाच्या दगडी भिंती, आत माड-पोफळी. बंगल्यांच्या आणि इमारतींच्या मधे अजून काही कौलारू घरं तग धरून आहेत.

लोकमान्य टिळकांचा जन्म २३ जुलै १८५६ चा, याच आळीतल्या घरात. वडिलांची बदली पुण्याला झाली तोवर, म्हणजे वयाच्या दहाव्या वर्षापर्यंत ते रत्नागिरीत होते. घर सरकारने जपलं आहे. आत तसबिरी आणि माहितीफलक आहेत, ते वाचा, पण घरसुद्धा वाचा. उतरतं छप्पर इतकं खाली आलेलं की उंच माणसाला वाकून शिरावं लागतं. तसं का, ते जुलैच्या पावसात कळतं. वाऱ्याबरोबर आडवा येणारा पाऊस भिंतीला लागू नये म्हणून. पडवीत उभं राहा, मग ओटी, मग माजघर. बाहेर ऊन रणरणत असताना तिसऱ्या दालनात हवा गार लागते. जांभा दगड सच्छिद्र, भिंत जाड, खिडक्या लहान. पंख्याशिवाय माणसं कशी राहत, हा प्रश्न इथे सुटतो.

तिथून पतित पावन मंदिर चालत जाण्याजोगं आहे. इंग्रजांची एक रीत दिसते: ज्याला सगळ्यांपासून लांब ठेवायचं त्याला रत्नागिरीला धाडायचं. मागे सह्याद्री, पुढे समुद्र, रेल्वे नाही. (ती पुरी व्हायला १९९८ उजाडलं.) १९२४ मध्ये सावरकरांना याच जिल्ह्यात स्थानबद्ध केलं, ते १९३७ पर्यंत इथे होते. राजकारण बंद, म्हणून त्यांनी जातिभेद मोडण्याचं काम हाती घेतलं: पूर्वास्पृश्यांचा मंदिरप्रवेश, सहभोजनं. सर्व जातींना खुलं असलेलं हे देऊळ १९३१ मध्ये उभं राहिलं, पैसा भागोजीशेठ कीरांचा. कीर रत्नागिरीचे, भंडारी समाजातले, गरिबीतून मुंबईला जाऊन बांधकामाच्या धंद्यात वर आलेले. मुंबईत दादरच्या स्मशानभूमीची जागाही त्यांनीच दिली. सावरकरांविषयी तुमचं मत काहीही असो, या देवळात जा. आणि नाव घ्याल तेव्हा कीरांचंही घ्या, ते बरेचदा राहून जातं.

वाचनाची आवड असेल तर जिल्हा नगर वाचनालयात डोकवा. ते १८२८ चं. महाराष्ट्रातल्या सगळ्यात जुन्या वाचनालयांत ते मोडतं.

दुपार

एक वाजला की बाजाराचा मोठा भाग दारं ओढून घेतो, चारपर्यंत. त्यावर वैतागू नका, तुम्हीही तेच करा.

जेवायला जाताना पाटीवरची यादी बाजूला ठेवून आधी "आज ताजं काय आलंय?" विचारा. पापलेट, सुरमईच्या तुकड्याचा भाव रोज बदलतो. तो आधी विचारणं यात कमीपणा नाही, बिल आल्यावर वाद घालण्यात आहे. ताटात भात, तांदळाची भाकरी, कालवण, तळलेला तुकडा आणि सोलकढी. सोलकढी सुरुवातीला पिऊन संपवू नका, शेवटच्या भातावर घ्यायला ठेवा. कालवं किंवा तिसऱ्या या शिंपल्यांचं सुकं दिसलं तर तेच मागा, मुंबई-पुण्यात त्याची चव अशी मिळत नाही.

मासे न खाणाऱ्यांचे इथे हाल होतात हा गैरसमज. घरगुती शाकाहारी खानावळीत कुळथाचं पिठलं, अळूचं फदफदं, वालाचं बिरडं, मोसमात कुयरीची म्हणजे कोवळ्या फणसाची भाजी आणि ओल्या काजूची उसळ असते. ती उसळ मिळाली तर शेजारच्या ताटातल्या सुरमईकडे बघावंसं वाटत नाही. जेवण संपल्यावर तास-दीड तास झोप.

चार वाजता थिबा राजवाडा

उशीर केलात तर दार बंद होईल, संग्रहालय संध्याकाळपर्यंत उघडं नसतं. ब्रह्मदेशाचा म्हणजे आजच्या म्यानमारचा शेवटचा राजा थिबा. १८८५ च्या नोव्हेंबरात इंग्रजांनी मंडाले घेतलं आणि पुढच्या वर्षी राजाला, राणी सुपायालतला आणि लहान मुलींना रत्नागिरीत आणून ठेवलं. हा राजवाडा मात्र १९१० च्या सुमारास पुरा झाला. म्हणजे कैदेची वीसहून जास्त वर्षं भाड्याच्या बंगल्यांत गेली आणि वाड्यात जेमतेम सहा. १९१६ मध्ये इथेच त्याचा मृत्यू झाला. वाडा बघताना हे डोक्यात असू द्या, नाहीतर नुसती तीन मजली लाल इमारत दिसते. सागवानी कोरीव खिडक्या, वरच्या मजल्यावरचं संगमरवरी दालन, मागच्या बाजूची बुद्धमूर्ती बघा. शहरातच, शिवाजीनगर भागात थिबाची समाधी आहे. तिथे फारसं कोणी जात नाही, पण २०१२ मध्ये म्यानमारचे राष्ट्राध्यक्ष तिथे येऊन गेले.

वाड्यापासून थिबा पॉइंटवर चालत जा. खाली काजळी नदी भाट्याच्या खाडीत समुद्राला मिळते, पलीकडे भाट्याचा पूल आणि सुरूचं बन, अलीकडे राजिवड्याची दाट वस्ती. राजाला नदीचं हे मुख रोज दिसायचं. त्याला ते आवडत असेल की नाही, देव जाणे.

मांडवी, आणि परतीचं

सूर्यास्ताच्या अर्धा तास आधी मांडवीला पोचा. डिसेंबरात सूर्य सव्वासहाच्या आधी जातो, मे महिन्यात सातच्या सुमारास. वाळू काळसर आहे, म्हणून याला काळा समुद्र म्हणतात. किल्ल्याच्या पलीकडचा तो पांढरा समुद्र. मुंबईच्या बोटी चालू होत्या तेव्हा रत्नागिरीचा दरवाजा हाच होता. चाकरमानी इथेच उतरत. जेट्टीवर शेवटपर्यंत चालत जा, मग भेळ. पाण्यात पोहायला उतरू नका, ओढ फसवी आहे.

परत जाताना आंब्याची पेटी असेल तर गाडीत सीटखाली पायाशी ठेवा, इंजिनाच्या गरम बाजूला किंवा बंद डिकीत नको. घरी पोचल्यावर पेंढ्यातून काढून जमिनीवर एकेक मांडा, देठ वर. मासे न्यायचे असतील तर सकाळी घेतलेले नेऊ नका. निघायच्या दिवशी बंदरावरून घ्या, तिथेच बर्फ भरून थर्माकोलच्या खोक्यात चिकटपट्टी लावून घ्या आणि खोक्याला भोक नाही ना ते बघा. पाणी गळलं तर डब्यातले सहप्रवासी तुम्हाला खेडच्या आधी उतरवतील.